गाडीच्या गालावरचा ओरखडा

आमच्या घरात चारचाकीवर ओरखडा पडण्याची ही पहिलीच वेळ होती, कारण घरात चारचाकी असण्याचीच ही पहिली वेळ होती. त्याआधी आमच्याकडे बैलगाडी होती. पण तिच्यावर ओरखडा पडला असं कुणी म्हणत नसे. ती मुळात ओरखड्यांचीच बनलेली होती!

गाडी पांढरीशुभ्र. न्हावऱ्यात घरासमोरच्या लिंबाखाली, तोंड बोळाकडे करून उभी. मी रांजणगावच्या एका कंपनीत क्वालिटी विभागात आहे. तयार मालावरचे डाग, चरे, पोचे शोधणं हे माझं काम. त्यामुळे रोज सकाळी चहाआधी गाडीभोवती एक प्रदक्षिणा घालायची, असा मी नियम केला होता. (तुळशीला घालत नाही, यावरून आईने एकदा सुनावलंही होतं.)

त्या सकाळी प्रदक्षिणा अर्धवट राहिली. डाव्या दिव्याच्या खाली, जरा बाजूला, चांगला वीतभर लांब काळाकुट्ट ओरखडा!

"मनीषा!" मी ओरडलो.

बायको हातात लाटणं घेऊन धावत आली. "काय झालं? साप निघाला का?"

"साप परवडला असता. हे बघ."

तिने वाकून पाहिलं. "अगंबाई! कशानं झालं हो?" आणि तिने बोट पुढे केलं.

"हात लावू नको!" मी असा काही ओरडलो, की लिंबावरचे कावळे उडाले. "दोष सापडला की आधी हात लावायचा नाही. आधी लाल टॅग लावायचा, मग मूळ कारण शोधायचं. आमच्या कंपनीत हीच पद्धत आहे."

"इथं कुठली आलीय कंपनी? जरा पुसून बघते ना."

"पुरावा नष्ट होतो."

मनीषाने पुराव्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि तव्यावरची चपाती जळायच्या आत ती निघून गेली. मी तिची एक जुनी लाल ओढणी फाडली आणि तिची चिंधी गाडीच्या आरशाला बांधली. (जुनी नव्हती, हे मला नंतर कळलं.)

एवढ्यात आबा, म्हणजे माझे वडील, खांद्यावर खोरं टाकून कांद्याला पाणी द्यायला निघाले. मी त्यांना ओरखडा दाखवला. त्यांनी गाडीभोवती एक फेरी मारली.

"चाकं चारी हायेत न्हवं?"

"आहेत."

"मग झालं की." आणि ते गेले. घरातल्या जबाबदार व्यक्तीची साक्ष इथे संपली. आई पहाटेच्या एस्टीने शिरूरला गेलेली. भांडगावला दिलेल्या माझ्या बहिणीला मुलगा झाला होता, दुसऱ्या दिवशी बारसं होतं, म्हणून कुंची, अंगडी-टोपडी असला बाळंतविडा आणायला. गाडीने सोडतो म्हटलं तर म्हणाली, "बायांना अर्धं तिकीट हाय. येवढ्यासाठी गाडी जाळतोस व्हय?"

आता मूळ कारण. बोळातून जाणारं वाहन एकच: शेजारच्या आप्पांचा ट्रॅक्टर. तो पहाटे ट्रॉली घेऊन गेला, हे मी अंथरुणातून ऐकलं होतं. ट्रॉली लोखंडी, गाडी पत्र्याची आणि बोळ अरुंद. तीन गोष्टी जुळल्या की आमच्या कंपनीत चौथी कुणी विचारत नाही.

अडचण एकच होती. आप्पा म्हणजे कुणी साधा शेजारी नाही. आमच्या सात पिढ्यांत कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला, आणि त्या पायरीपर्यंत मला पोचवलं ते आप्पांच्या लुनाने. ऐन परीक्षेत शिरूरची एस्टी चुकली, की आप्पा विहिरीवरची मोटार बंद करून, चिखलाच्या पायांनी लुनाला टांग मारायचे. मागे मी, हातात रसायनशास्त्राच्या नोट्स, आणि चढ आला की दोघं मिळून लुना ढकलायची. बी.एस्सी.चा निकाल लागला तेव्हा मी पास झालोय की नापास, हे आबांना नीट कळायच्या आत आप्पांनी अर्ध्या गावाला पेढे वाटले होते. त्या दिवशी मी शब्द दिला होता, "आप्पा, गाडी घेतली तर पुढच्या सीटवर पहिले तुम्ही."

"आधी लुनात तेल टाक," ते म्हणाले होते.

तर तो शब्द दुसऱ्या दिवशी पुरा व्हायचा होता. बारशाला भांडगावला जायचं, आप्पा पुढच्या सीटवर. त्यासाठी त्यांनी धोतर नीळ घालून वाळत टाकलेलं मला आमच्या ओट्यावरून दिसत होतं. आणि त्याच ओट्यावर उभा राहून मी त्यांच्यावर आळ घ्यायच्या तयारीत होतो!

आप्पा ट्रॅक्टर घेऊन परत आले तेव्हा मी शक्य तितक्या नम्रपणे सुरुवात केली.

"आप्पा, सकाळी जाताना काही जाणवलं का?"

"थंडी जानवली."

"तसं नाही. ट्रॉली कुठं घासल्यासारखी?"

आप्पांनी ट्रॅक्टर बंद केला. खाली उतरले. लाल चिंधी पाहिली, ओरखडा पाहिला, मग मला पाहिलं.

"दत्ता, माजी ट्रॉली लागली म्हनतोस व्हय?"

"मी कुठं म्हणतोय? मी फक्त शक्यता तपासतोय."

"आरं, माजा ट्रॅक्टर ह्या बोळातनं जातोय तवा तू रांगत व्हतास. तुज्या पायाला कवा चाक लागलं न्हाई, आन् गाडीला लावीन व्हय मी? थांब, पुसून बघू दे." त्यांनी खांद्यावरचा टॉवेल काढला.

"आप्पा, हात लावू नका! पुरावा आहे तो!"

टॉवेल हवेतच थांबला. मग तो सावकाश खांद्यावर परत गेला. मी त्यांना इतकी वर्षं ओळखतो, पण त्यांचा असा चेहरा कधी पाहिला नव्हता.

"बरं," ते म्हणाले. "तुमी म्हनाल तसं, सायेब."

'तुमी'! 'सायेब'! जन्मापासून ज्या माणसाने मला 'दत्ता', 'दत्त्या' आणि रागात 'गाढवा' याशिवाय हाक मारली नाही, त्याने मला मान दिला! असा मान मिळण्यापेक्षा दोन थोबाडीत बसलेल्या बऱ्या.

"आन् उद्याचं म्हनाल तर," ते पुढे म्हणाले, "मी एस्टीनं जाईन. तुमची गाडी नवी. माज्या धोतराचा डाग-बिग पडंल, मग त्याचं बी कारण शोधावं लागंल."

इथे शहाण्या माणसाने पाय धरले असते. पण मी शहाणा नव्हतो, मी क्वालिटीत होतो. मला वाटलं, ट्रॉली लागली नाही हे आपण शास्त्रीय पद्धतीने सिद्ध करून दाखवलं, तर आप्पांचा मान राहील आणि माझी पद्धतही राहील. म्हणून मी म्हणालो, "आप्पा, एक काम करू. सकाळी गेलात तसेच एकदा जाऊन दाखवा. ट्रॉलीची कडी आणि हा ओरखडा एका उंचीवर येतात का, एवढंच बघू. नाही आले, तर विषय संपला."

मनीषा दारातून म्हणाली, "अहो, राहू द्या ना."

"तुला यातलं काही कळत नाही."

(हे वाक्य मी आता घरात वापरत नाही.)

बघता बघता माणसं जमली. समोरच्या ओट्यावरचे चौघे इकडच्या ओट्यावर आले. दूध घालायला निघालेला एकजण किटली खाली ठेवून बसला. आप्पांच्या घरातून काकूही आल्या आणि आमच्या उंबऱ्यावर, पण आमच्याकडे पाठ करून उभ्या राहिल्या. आप्पांनी ट्रॅक्टर चालू केला. मी गाडीशेजारी उभा राहून वाहतूक पोलिसासारखे हात हलवू लागलो.

"या, आप्पा! आणखी इकडे."

"सकाळी मी येवढा जवळ न्हवतो."

"असू द्या, उंची दिसली पाहिजे. या... या... येऊ द्या!"

"सायेब, सकाळी मी माज्या मनानं गेलो व्हतो. आता तुमच्या मनानं येतोय."

"हो हो, माझ्याच मनाने या! आणखी थोडं... येऊ द्या... येऊ द्या..."

कर्रर्रर्रर्र!

हा आवाज मी आयुष्यात विसरणार नाही. ट्रॉलीची कडी दिव्याच्या खालून अशी काही गेली, जशी पिकल्या पपईतून सुरी. आप्पांनी ट्रॅक्टर बंद केला. किटलीवाला हळूच म्हणाला, "उंची जुळली."

मी वाकून पाहिलं. पहिल्या ओरखड्याच्या चार बोटं खाली दुसरा ओरखडा. लांब, सरळ, आत चंदेरी पत्रा चकाकतोय.

"अहो," मनीषा म्हणाली, "हा चंदेरी आहे. मग तो काळा का?"

प्रश्न बिनतोड होता. कंपनीत तो कुणी माझ्या साहेबांसमोर विचारला असता, तर मी त्याच दिवशी राजीनामा दिला असता.

तेवढ्यात शिरूरहून आलेल्या एस्टीतून उतरून आई बोळात शिरली. दोन्ही हातांत पिशव्या, वर बाळाच्या कुंचीचा गोंडा डोकावतोय. दारात गर्दी पाहून तिच्या हातातली एक पिशवी गळालीच.

"कोन गेलं गं मनीषा?"

"कुणी नाही गेलं, आई. गाडीला ओरखडा पडलाय. म्हणजे आधी एक पडला होता, तो बघायला म्हणून यांनी दुसरा पाडला."

"मी पाडला नाही!" मी म्हणालो. पण कुणी ऐकलं नाही.

आई पुढे आली. आधी आरशाची लाल चिंधी पाहून खूश झाली. "ही बरी बांधलीस. नजरंला लाल बी चालतं. आन् वरखडा कुठं हाय?"

मी गंभीरपणे काळ्या ओरखड्याकडे बोट दाखवलं. "हा पहिला. हात लावू नको, पु..."

मी 'पुरावा' म्हणेपर्यंत आईने पदराचं टोक जिभेने ओलं करून पुरावा पुसून टाकला होता! एका फटक्यात! खाली गाडी पांढरीशुभ्र, जशी शोरूममधून आली तशी.

"आरं, ही तीट हाय!" आई म्हणाली. "पहाटं एस्टीला जायच्या आधी लावली मी. तव्याच्या बुडाची काजळी, वर थोडं गोडंतेल. येवढी गोरीपान गाडी उघडी दारात हुबी, कुनाची नजर लागली मंजी?"

"आई... एवढी मोठी तीट?"

"गाडी केवढी हाय!"

"आणि तिथे, दिव्याखाली?"

"मग? डोळ्याखाली गालच असतोय की."

"सांगायचं तरी होतंस!"

"तीट लावून कुनी गावभर सांगतंय व्हय? आन् तुमी येवढे शिकलेले, कुनी बोट लावून बगितलं न्हाई?"

यावर पूर्ण बोळाने माझ्याकडे पाहिलं. मनीषाचं न लागलेलं बोट आणि आप्पांचा हवेत थांबलेला टॉवेल, दोन्ही माझ्या डोळ्यांपुढून गेले. किटलीवाला असा हसला, की त्याचं दूध हिंदकळलं.

आप्पा मात्र हसले नाहीत. ते ट्रॅक्टरवरून उतरले, नव्या ओरखड्याशी आले आणि त्यावरून बोट फिरवलं. (आता हात लावायला कुणाची मनाई नव्हती.)

"ह्यो मातर माज्या ट्रॉलीचा हाय," ते म्हणाले. "ह्याचं काय करायचं, सायेब?"

मी त्यांचे पाय धरायला वाकलो. "आप्पा, ट्रॉली तुमची होती, पण ती माझ्या मनाने आली. तुम्ही उद्या एस्टीने गेलात, तर मीही एस्टीने येईन. गाडीत मग फक्त कुंची बसून येईल."

आप्पा बराच वेळ माझ्या डोक्याकडे पाहत उभे राहिले. आत खरंच काही आहे का, हे तपासत असावेत. उंबऱ्यावरच्या काकू आता पदर तोंडाला लावून खांदे हलवत होत्या.

"ऊठ," आप्पा म्हणाले. "आन् उद्या कवा निघायचं ते सांग, गाढवा."

'गाढवा'! पदवीचं प्रमाणपत्र हातात घेतानाही मला एवढं भरून आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी आम्ही भांडगावला निघालो. पुढच्या सीटवर आप्पा, निळीच्या धोतरात, दोन्ही हात गुडघ्यांवर, लुनावर बसल्यासारखे अंग चोरून. वाटेत चढ आला तेव्हा ते सवयीने म्हणाले, "उतरू का?" मागून आई म्हणाली, "बसा हो भावजी, हिला ढकलावं लागत न्हाई." आम्ही सगळेच हसलो, पण मला गिअर टाकताना रस्ता थोडा धूसर दिसला.

भांडगावात दारातच दाजी, म्हणजे बहिणीचे मिस्टर, गाडी पाहायला पुढे आले. आधी कौतुक केलं आणि मग त्यांची नजर नेमकी तिथे गेली.

"दत्ताराव, नवी गाडी आणि हे काय?"

मी काही बोलायच्या आत पुढच्या सीटवरून आप्पा उतरले.

"तीट हाय ती, पाव्हणं," ते म्हणाले. "वैनीनं लावली व्हती, ती पदरानं निघाली. ही बी.एस्सी. झालेल्यानं लावलीया. निघत न्हाई."

सगळं बारसं हसत होतं. मी मात्र खिशातून रुमाल काढला, ओला केला आणि सगळ्यांच्या देखत तो ओरखडा एकदा नीट पुसून पाहिला.

म्हटलं, या वेळी आधी खात्री केलेली बरी.