बांधून होण्याआधीच तरंगलेली होडी

या सदरातले अनुभव मी गेली काही वर्षं नेमाने वाचतो. खरं सांगायचं तर बहुतेक वेळा हसतो. विहिरीवरची बाई, मागून येणारी पावलं... आमचा धंदा फोटोचा. लाल दिव्याच्या अंधाऱ्या खोलीत उभं आयुष्य गेलं, तिथे कधी कोणी खांद्यावर हात ठेवला नाही. असल्या गोष्टींवर माझा विश्वास नव्हता आणि आजही नाही. तरी लिहायला बसलोय, कारण वय ब्याऐंशी झालं आणि एका फोटोबद्दल मी आजवर सगळ्यांना जे सांगत आलो, ते खोटं आहे.

गेल्या वर्षी साताऱ्यात जुन्या होड्यांच्या फोटोंचं प्रदर्शन भरलं होतं. कृष्णेतल्या शर्यती, सांगलीच्या घाटावर फळ्या तासणारे कारागीर, गुळाच्या ढेपा भरून शिडावर चाललेल्या नावा – छान जमवलं होतं. त्यात एक फोटो माझा. कोयनेच्या पाण्यावर उभी असलेली एकच होडी, शीड उभारलेलं, आत कोणी नाही. खाली छापलं होतं, ‘छायाचित्र आणि कल्पना’, आणि पुढे माझं नाव. तो ‘कल्पना’ शब्द वाचला आणि मी तिथल्या खुर्चीवर बसलोच. नातीला वाटलं, चक्कर आली.

तर आता सगळं नीट सांगतो.

साल १९६६. कोयनेचा मोठा भूकंप झाला त्याच्या आदल्या वर्षीचा उन्हाळा. कराडजवळ मलकापूरला माझा छोटा स्टुडिओ होता. पाटणच्याही वर, धरणाच्या पाण्याकाठच्या एका गावाने मला बोलावलं. गावाचं नाव लिहीत नाही. धरण भरलं तेव्हा हे गाव पाण्याखाली गेलं आणि काही घरं दुसऱ्या मुलखात न जाता तिथेच डोंगरावर वर सरकली. रस्ता, एस.टी., दवाखाना – सगळं पाण्याच्या पलीकडे. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की वाळक्या भोपळ्यांच्या तराफ्यावरून पार होता येई. पावसाळ्यात मात्र चार महिने कोणी इकडचं तिकडे नाही.

म्हणून गावाने होडी बांधायला काढली होती. घराघरांतली पोरं फौजेत, त्यांनी मनीऑर्डरी पाठवल्या होत्या. आणि आपली होडी कशी होतेय ते त्यांना दिसावं म्हणून फोटो हवे होते. वल्ही मारायला तरणे हात गावात उरलेच नव्हते, म्हणून होडी शिडाची. तसली होडी बांधणारा माणूस त्यांनी थेट सांगलीहून आणला होता – तातोबा. बापाच्या हाताखाली कृष्णेत शिडाच्या नावा बांधलेला. पन्नाशीचा, काटकुळा, तोंडाने फटकळ.

मी पोचलो तेव्हा काम बंद पडलेलं होतं.

झालं होतं असं. तातोबाने महिनाभर आधी निरोप धाडला होता की चांगलं वाळलेलं लाकूड जमवून ठेवा. या लोकांनी आयुष्यभर घरं बांधलेली. त्यांनी जीव तोडून सरळसोट वासे निवडले आणि वाकडं म्हणून जे जे होतं ते बाजूला काढून चुलीत घातलं. आता होडीच्या पुढच्या टोकाला निसर्गतःच वाकलेलं एक जाड, जुनं लाकूड लागतं. दोन्ही बाजूंच्या फळ्या त्याला येऊन मिळतात. सरळ लाकूड कापून वाक आणला तर ते लाटेच्या पहिल्या दणक्याला फाटतं. फासळ्यांचं तातोबाने कसंबसं जुळवलं होतं. पण पुढचं लाकूड नव्हतं, आणि ओलं झाड तोडलं तर ते वाळायला वर्ष जाणार.

“आवं धोंडीबा,” तातोबा माझ्यासमोरच गावच्या कारभाऱ्याला म्हणाला, “सरळ लाकडाचा गोठा हुतो. होडी न्हाई. म्हसरं बांधायची आसली तर सांगा, आज संध्याकाळपातूर करून देतो.”

धोंडीबाने ते ऐकून घेतलं. एरवी तोही ऐकून घेणाऱ्यातला नव्हता. पण त्याची सून, येसू, त्या वेळी पोटुशी होती, आषाढात दिवस भरणार होते. आदल्या पावसाळ्यात तिचं पहिलं बाळंतपण अडलं. पलीकडे दवाखाना दिसत होता, जायला वाट नव्हती. बाळ गेलं, ती कशीबशी वाचली. मला हे गावच्या गुरुजींनी सांगितलं. म्हणाले, होडी झाली नाही तर धोंडीबा हिला माहेरी पाठवायला बघतोय, पण माहेरही पाण्याच्या याच बाजूला.

तातोबा दुसऱ्या दिवशी सांगलीला परत निघणार होता. मी दुपारी फोटो काढले. होडीचा सांगाडा डोंगराच्या उतारावर, कोरड्या मातीत उभा होता. मुद्दामच तिथे. पावसाळ्यात पाणी तिथवर चढतं, म्हणजे होडी ओढत न्यायला नको, पाणीच येऊन तिला उचलेल असा हिशोब. एक फोटो तातोबा बाजूला उभा असताना. मग त्याला होडीला टेकून बसवला, तो एक. मग गावकरी रांगेने उभे करून. रात्री आम्ही दोघं शाळेत झोपलो आणि सकाळी सोबतच निघणार होतो. पण धोंडीबाने तातोबाला हाता-पाया पडून आठवडाभर थांबवलं, कुठे लाकूड मिळतंय का बघतो म्हणाला.

मलकापूरला येऊन मी रोल धुतला. पहिला फोटो बरोबर – तातोबा उभा. तिसरा बरोबर – गावकरी. आणि मधला...

मधल्या निगेटिव्हमध्ये तातोबा नव्हता. कोरडी माती नव्हती. पाणी होतं, आणि पाण्यावर पुरी झालेली होडी उभी होती. डोलकाठी, शीड, सगळं. शिडाच्या खालच्या कोपऱ्यात चौकोनी ठिगळ. पुढच्या टोकाच्या लाकडावर काळा, दोन फाटे फुटलेला डाग. मागचा डोंगर तोच, त्याच जागेवरून घेतलेला.

कोणीही म्हणेल, एका फोटोवर दुसरा चढला असेल. मीही तेच म्हटलं. पण चढायला तसा दुसरा फोटो मी कधी काढायला तर हवा! कॅमेरा माझा, रोल नवा, माझ्याशिवाय कोणी हात लावलेला नाही. त्याचं प्रिंट काढलं, पुन्हा काढलं. तीच होडी.

हे प्रिंट लपवावं असंच वाटत होतं. पण मधला फोटो कुठाय म्हणून विचारतील, म्हणून बाकीच्यांबरोबर तेही घेऊन गेलो. धोंडीबाच्या हातात देताना म्हणालो, फिल्ममध्ये काहीतरी गडबड झालीय, बघा. हे वाक्य माझ्या नीट लक्षात आहे, कारण पुढे तेच माझ्या अंगाशी यायला हवं होतं.

धोंडीबाने प्रिंट उन्हात धरलं. बराच वेळ त्या काळ्या डागावर अंगठा फिरवत राहिला. मग खाली मांडी घालून बसला.

“ह्यो आमच्या परड्यातला फनस,” तो म्हणाला. “वीज पडली हुती त्येच्यावर. जुन्या गावात.”

उन्हाळ्यात पाणी ओसरलं की जुनं गाव उघडं पडायचं. जोती, देवळाची ओवरी, मेलेली झाडं. पण देव वर आणल्यानंतर तिकडे पाय ठेवायचा नाही, असं गावाने ठरवलेलं होतं. बघवत नाही हे खरं कारण, पण कोणी तसं म्हणत नसे. त्यामुळे पाण्याउन्हात वाळून दगड झालेला तो वाकडा फणस कोणाच्या ध्यानातच नव्हता. तो आणायला एकाच माणसाने विरोध केला, देवाचा कोप होईल म्हणून. त्याला तातोबाच बोलला.

“देव काय चालत आलं व्हय वर? तुमी उचलून आनलं. झाडाला कुनी आनायचं?”

धोंडीबा उठला आणि उतार उतरायला लागला. मागून एकेक करत सगळे गेले. मी आणि येसू तेवढे वर राहिलो. तिला उतार झेपणार नव्हता... आणि मला, खरं सांगतो, भीती वाटत होती.

फणसाचा वाक तातोबाला हवा होता तसाच निघाला. तातोबाने त्यावरून हात फिरवला आणि त्या दिवशी पहिल्यांदा कोणाला शिवी दिली नाही.

पुढचं काम झपाट्याने झालं. फळ्यांच्या फटींत काथ्या ठासला, डांबर फासलं. शिडाला कापड नव्हतं. पावसाच्या तोंडावर येसूचा नवरा रजेवर आला, त्याने येताना फौजेतल्या टाकाऊ तंबूचं जाड कापड आणलं. त्याच्या खालच्या कोपऱ्यात चौकोनी ठिगळ होतं. तातोबाने ते कापड उलगडलं, माझ्या फोटोकडे बघितलं, आणि गुमान शिवायला बसला.

मृगानंतर चांगला पाऊस लागला आणि पाणी चढत चढत होडीपाशी आलं. मी मुद्दाम गेलो होतो. होडी तरंगली तेव्हा बायकांनी ओवाळलं, तातोबाने नारळ फोडला. मी पूर्वीच्याच जागी उभा राहून फोटो काढला. तो आणि मधला फोटो शेजारी ठेवले तर आजही मला फरक सांगता येत नाही.

तिथेच गुरुजींनी सगळ्यांसमोर मला विचारलं, की हा फोटो तुम्ही आधी काढलात तरी कसा?

सगळे माझ्याकडे बघत होते. मला वाटलं, आता हे लोक माझ्या कॅमेऱ्याला हळदकुंकू वाहणार. कराडपर्यंत बोभाटा होणार, कोणी हरवलेली गुरं शोधायला येणार, कोणी मेलेल्यांशी बोलायला. माझ्या तोंडून निघून गेलं, की मी आधी जुन्या गावात फिरून आलो होतो, तो फणस बघितला होता, आणि दोन निगेटिव्ह जोडून युक्तीने फोटो बनवला, तुम्हाला सुचावं म्हणून.

सगळ्यांनी धोंडीबाकडे बघितलं. मग धोंडीबाने टाळी वाजवली, आणि सगळ्यांनी. मला फेटा बांधला.

निघताना तातोबा शेजारी येऊन हळूच म्हणाला, “तुमी खाली गेलाच न्हवता. माझ्यासंगंच हुता की.”

मी म्हणालो, तातोबा, लोक वेड्यात काढतील मला.

“काढू देत न्हवं,” तो म्हणाला. “मला रोजच काढत्यात.” पण त्याने कोणाला सांगितलं नाही. तो गेला, त्यालाही आता खूप वर्षं झाली.

आषाढात येसूला कळा सुरू झाल्या तेव्हा वारा पलीकडे वाहणारा होता. होडीने तिला सहज पार नेलं. मुलगा झाला. पुढे तो मधला फोटो गाजला. एका दिवाळी अंकात आला, कॅलेंडरवर आला. प्रत्येक वेळी मी तीच युक्तीची गोष्ट सांगितली, आणि ती सुधारतही गेलो – चांदण्यात फणस कसा बघितला वगैरे. लोक म्हणत, काय मोठ्या मनाचा माणूस. घरात सुद्धा हेच ठाऊक. जे माझं नव्हतं त्याचं कौतुक मी घेत राहिलो, आणि सर्वांत वाईट म्हणजे धोंडीबाच्या भोळ्या माणसांना फसवून घेतलं, हे मनाला लागून राहिलं.

प्रदर्शनानंतर आयोजकांकडून मी येसूच्या मुलाचा, आनंदाचा नंबर मिळवला. तोही फौजेतून निवृत्त झालाय, तिथेच राहतो. फोनवर सगळं सांगितलं. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग हसला.

“आवं काका, हे आमाला ठावं हाय की.”

मला वाटलं, मला नीट ऐकू आलं नाही.

“आई तवा दिसभर पडवीत बसून जुन्या गावाकडंच बगत आसायची,” तो म्हणाला. “ती म्हनायची, फोटोवालं खाली गेल्यालंच न्हाईत. आनि तुमीच आजाला सांगितलं हुतं ना, फिल्ममदी गडबड झाली म्हून? समद्या गावाला ठावं हुतं.”

“मग कोणी बोललं का नाही?”

“आजा म्हनला, मानूस भ्यालाय. म्हनू द्या त्येला काय म्हनायचं ते.”

म्हणजे मी त्यांना फसवत नव्हतोच. अख्खं गाव मला सांभाळून घेत होतं! त्या दिवशीची टाळी कसली होती, ते मला आत्ता कळत होतं. तेवढ्यात आनंदा म्हणाला, आईलाच द्येतो, हितंच बसलीया.

येसूबाई ऐंशीच्या पुढे आहेत. आवाज खणखणीत. आधी जेवण झालं का विचारलं, गुडघ्यांची चौकशी केली, फेटा अजून हाय का म्हणाल्या. मी विचारलं, तुम्हाला काय वाटतं, तो फोटो कोणी काढला?

“मला काय ठावं बाबा,” त्या म्हणाल्या. “म्या एवढंच बगितलं, होडी मोकळी हाय. म्हनलं, म्हंजे आमा दोघांस्नी जागा हाय.”

निगेटिव्ह माझ्याकडे आहे. पुण्याच्या एका जाणकाराला दाखवलं. त्याला त्यात जोडकाम कुठेच सापडलं नाही, आणि मलाही ते कुठून आलं हे सांगता आलं नाही. आजही येत नाही. येत्या पावसाळ्यात पाणी चढलं की येसूबाईंनी बोलावलंय. जाऊन येणार आहे.