षष्ठीला न आलेलं धुकं

"मंजिरीताई, धुकं कुठंय? तुमच्याकडे माकडांनी पुन्हा केबल चावली का?"

समीरने हे तिसऱ्यांदा विचारलं. माकडांचा काही संबंध नव्हता. स्क्रीनवर समुद्र निळाशार होता, ऊन पडलं होतं आणि समीरचं जहाज सहलीला निघाल्यासारखं डुलत होतं. कॉलवर बंगळुरूहून प्रकाशक कंपनीचे मेनन सर होते. आमचा गेम बाजारात आणायचा की नाही, हे ते या डेमोवरून ठरवणार होते. आणि त्या गेममध्ये दाखवण्यासारखी गोष्ट एकच होती, ती म्हणजे धुकं.

मी वर्ल्ड डिझायनर आहे. म्हणजे गेममधलं जग रचते: बेटं, माणसं, रीती, हवामान. कंपनी पुण्यात आहे आणि मी वाराणसीत, दुर्गाघाटाच्या गल्लीत, सासरच्या घरी बसून काम करते. आमच्या नातेवाइकांच्या मते मी दिवसभर गेम खेळते. समजावणं मी सोडून दिलंय.

आमच्या जगातल्या समुद्रात दर महिन्याला एक धुकं उठतं. तिथले कोळी त्याला 'घोट' म्हणतात. त्यात सापडलेल्या नावेवरचे दिवे विझतात, होकायंत्र गरागरा फिरतं आणि नाव परत येत नाही. हे सुचायला मला फार लांब जावं लागलं नाही. पौषात आमच्या घाटावर उभं राहिलं की पायरीला बांधलेली नावही दिसत नाही.

आधी घोट ठरलेल्या तारखेला यायचा. टेस्टर, म्हणजे गेम खेळून चुका काढणारी मुलं, लगेच शहाणी झाली. तेवढा दिवस बंदरात झोपा काढायच्या, मग समुद्रात जायचं. धुक्याचा धाकच राहिला नाही. तेव्हा मी म्हटलं, धुकं तिथीवर लावू. वद्य षष्ठीला उजाडताना उठेल. तिथी मागेपुढे सरकते, तारखा मोजून तिला पकडता येत नाही.

"पंचांग कशाला, ताई? आपला गेम मॉडर्न आहे," समीर म्हणाला. हा आमचा प्रॉडक्ट हेड.

कोडमध्ये ते बसवलं अंजुमने. ही इथलीच, मदनपुऱ्यातली. "चाँद का हिसाब है, दीदी, हो जाएगा," म्हणाली आणि खरंच करून दाखवलं. तिचं कॉन्ट्रॅक्ट महिनाअखेरीला संपत होतं. डेमो नीट झाला तर ती राहणार, नाहीतर नाही, असं समीरनेच तिला सांगून ठेवलं होतं. तिच्या घरात पगार आणणारी ती एकटी.

मी मीटिंगमध्ये स्पष्ट बजावलं होतं की डेमोचा महिना मला विचारून निवडा, कारण एखाद्या महिन्यात षष्ठीचा क्षय असतो. सगळे म्हणाले, "नोटेड." आमच्याकडे 'नोटेड' म्हणजे ऐकलं नाही. समीरने महिना स्वतःच निवडला. का, तर त्या महिन्यात बंदरावर झाडं फुललेली छान दिसतात.

आता तो घामाघूम झाला होता.

"सॉरी सर," तो मेनन सरांना म्हणाला, "कोडिंगमध्ये गडबड दिसतेय. ते काम बाहेरच्या रिसोर्सकडे होतं. आम्ही तो रिसोर्स बदलतोच आहोत."

बाहेरचा रिसोर्स कॉलवरच होता. अंजुमने माइक सुरू केला आणि परत बंद केला.

माझं डोकं फिरलं. "कोडमध्ये काही गडबड नाही," मी म्हणाले. "समीर, स्क्रीनच्या कोपऱ्यात बघ. काल जहाज बंदरात होतं तेव्हा पंचमी होती. आज काय लिहिलंय?"

"सप्तमी."

"मग षष्ठी कुठे गेली?"

"तेच म्हणतोय, ताई. बग आहे."

"बग नाही रे बाबा, क्षय आहे."

मेनन सर म्हणाले, "मला समजेल असं सांगा."

मी सांगितलं. सूर्योदयाला जी तिथी असेल, ती त्या दिवसाची. पण एखादी तिथी उजाडल्यावर सुरू होते आणि दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत संपते. तिच्या वाट्याला सूर्योदय येतच नाही. आमचं धुकं षष्ठीच्या सूर्योदयाला उठतं. या महिन्यात असा सूर्योदयच नाही, तर ते उठणार कधी? हिशोब इतका चोख आहे म्हणूनच ते आलं नाही.

"पुढच्या महिन्यात येईल?"

"येईल."

"दाखवा."

"सर, मी उद्या व्हिडिओ पाठवतो," समीर घाईघाईने म्हणाला.

"आत्ता दाखवा."

अंजुमने तारीख पुढे नेली. षष्ठी उजाडली आणि पाण्याच्या टोकाला एक पांढरी रेघ दिसली. बघता बघता तिने झाडं, बंदर, सगळं पुसून टाकलं. जहाजावरचे दिवे एकेक करून विझले. घोट आला की शीड उतरवायचं, नांगर टाकायचा आणि गप्प बसायचं, हे गेमच्या पहिल्या धड्यात शिकवलंय. समीरने पहिला धडा कधी खेळलाच नव्हता. त्याने जहाज पळवलं. एकदा लाकूड मोडल्याचा आवाज आला आणि स्क्रीन पांढरी झाली.

मग मेनन सरांनी विचारलं, "हे तिथीचं गणित कोणी बसवलं?"

"अंजुमने," मी समीरच्या आधी म्हणाले.

"गेम आम्ही घेतोय. तो बाजारात येईपर्यंत त्यांना हलवू नका."

अंजुमला वर्षभराचं कॉन्ट्रॅक्ट मिळालं. समीरने सगळ्यांना मेल पाठवली. तीत 'टीमचा अभिनव प्रयोग' असं लिहिलं होतं आणि अंजुमचं नाव सोडून बाकी सगळ्यांची नावं होती. मी 'रिप्लाय ऑल' करून ते घातलं.

या धंद्यात मला एवढंच कळलंय की काही बिघडलं की बोट आधी त्याच्याकडे जातं, ज्याचं कॉन्ट्रॅक्ट संपत आलंय. म्हणून हल्ली कॉलवर मी माइक बंद करतच नाही. मागून सासूबाईंच्या कुकरच्या शिट्ट्या ऐकू येतात, अशी समीरची तक्रार आहे. ऐकू येऊ देत.