पंचफुलाबाईचा मनाई हुकूम

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. असं म्हणणाऱ्यांच्या वावरात कधी दुसऱ्याचा नांगर शिरलेला नसतो. पंचफुलाबाईच्या वावरात शिरला होता, आणि तोही सख्ख्या भासऱ्याचा, म्हणजे नवऱ्याच्या थोरल्या भावाचा. देवराव त्याचं नाव. १९६० च्या मृगात ती सात वर्षांच्या कोकिळाचा हात धरून दिग्रसजवळच्या खेड्यातून आमच्या वकीलसाहेबांकडे आली. मी त्यांचा मुन्शी. अर्ज लिहायचे, अंगठे घ्यायचे आणि पक्षकाराला पढवून उभं करायचं, हे माझं काम.

हकीकत साधी होती. पाच एकर वावर सासऱ्यानं जिवंतपणीच धाकट्या बळीरामला तोंडी वाटून दिलं होतं. बळीराम दोन वर्षांपूर्वी तापानं गेला. आता देवराव म्हणत होता, वाटणी झालीच नाही, शेत सगळ्यांचं आहे, बाईनं दोन घास खावे आणि गप राहावं.

"दोन घासाचं नाही जी," ती म्हणाली. "वावर गेलं तं ह्या पोरीले पहिल्या मागणीलेच देऊन टाकतीन ते. मंग मी कोण अडवणारी?"

साहेबांनी दावा लावला आणि सोबत तात्पुरत्या मनाई हुकमाचा अर्ज दिला. दाव्याला वर्षं लागतात. तोवर जमीन ज्याच्या ताब्यात आहे त्याच्याच ताब्यात राहावी, दुसऱ्यानं आडवं येऊ नये, यासाठी तो हुकूम. आठ दिवसांत तो मिळाला, पण एकतर्फी. देवरावचं म्हणणं ऐकून तो ठेवायचा की उठवायचा, हे पुढे ठरणार होतं. पंचफुलाबाई तो कागद छातीशी धरून भर कचेरीत रडली. मी तिला हजार गोष्टी बजावल्या. एक सोडून.

उसन्या बैलांनी तिनं वावर पेरलं, डवरलं म्हणजे कोळपलं. निंदण स्वतः केलं. दिवाळीच्या सुमारास बोंडं फुटली.

आमच्याकडे पहिल्या वेचणीआधी सीतादही करतात. कपाशीच्या झाडाशी दहीभाताचा नैवेद्य दाखवायचा आणि मगच कापसाला हात लावायचा. त्यांच्या घरात ही पूजा सवाशिणीनं करायची, विधवेनं नाही. गावात सवाशिणी काय कमी होत्या? पण घरची पूजा घरच्याच हातची हवी, हे तिच्या मनात पक्कं. ती सरळ थोरल्या जावेकडे गेली, सत्यभामेकडे. देवरावच्या बायकोकडे! दोघींमध्ये वाकडं नव्हतंच कधी. सत्यभामा आली, तिनं पूजा केली, पहिली बोंडं तिनंच वेचली, आणि बायका दहीभात खाऊन घरी गेल्या.

देवरावच्या वकिलाला आयतंच सापडलं. पुढच्या तारखेला त्यानं दोन गावकऱ्यांची प्रतिज्ञापत्रं दिली: पहिली वेचणी देवरावच्या बायकोनं केली, म्हणजे शेत एकत्र कुटुंबाच्याच ताब्यात आहे. देवरावच्या घरचं कोणी वावरात येऊ देऊ नका, एवढंच बजावायचं माझ्याकडून राहिलं होतं. कोर्टाबाहेर निंबाखाली मी पंचफुलाबाईला गाठलं.

"सांगा, ती आपणहून घुसली म्हणून."

"अन् मीच बोलावलं न जी तिले."

"अहो, वावर जाईल तुमचं!"

"पूजेचं खोटं नाही बोलवत मले. उपास धरलता तिनं माह्या वावरासाठी."

मला तिचा भयंकर राग आला. खरं सांगतो, अजूनही थोडा येतो. न्यायाधीशसाहेबांनी विचारलं तेव्हा ती मान वर करून म्हणाली, "व्हय जी, मीच बोलावलं. आमच्या घरची मोठी सून हाय ते." तेच वाक्य निकालात उतरलं. मनाई हुकूम उठला. मालकी कोणाची ते दाव्यात ठरेल, असं न्यायाधीशसाहेब म्हणाले. कायद्यानं ते बरोबरही असेल.

दुसऱ्या दिवशी देवरावची माणसं तिचा कापूस वेचत होती. ती दिवसभर धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बसून होती म्हणे. सत्यभामेनं भाकर पाठवली, ती तिनं परत केली. मग कोकिळाला घेऊन ती राजूरला भावाकडे गेली आणि तिथल्या खाणीवर कोळशाच्या टोपल्या उचलू लागली. पहिली दोन वर्षं तारखांना यायची. पुढे तेही सुटलं, आणि मीही कधी विचारपूस केली नाही.

दाव्याचा निकाल लागला १९६७ च्या फेब्रुवारीत. तोंडी वाटणी सिद्ध झाली, वावर पंचफुलाबाईचं ठरलं. निकालाची नक्कल आणि पावशेर पेढे घेऊन मी राजूर गाठलं. माझ्यासारखा मूर्ख मीच.

ती घरात एकटीच होती. मी निकाल वाचून दाखवला.

"म्हंजे तवाबी माह्यंच होतं?"

"हो."

पेढ्यांच्या पुड्याला तिनं हात लावला नाही. मग सांगू लागली. गेल्या उन्हाळ्यात भावानं कोकिळाचं लग्न लावून दिलं होतं. पोरगी तेरा वर्षांची, नवरा चाळिशीचा बिजवर. पोरगी आईच्या लुगड्याला धरून रडत होती. पण ज्याच्या घरात राहायचं, ज्याचं खायचं, त्याला नाही कसं म्हणणार?

"मुन्शीजी, माह्या भासऱ्याले थांबवाचा कागद कोर्टानं देल्ला होता. तसा लगन थांबवाचाबी कागद असते का जी?"

असतो. पंधरा वर्षांखालच्या मुलीचं लग्न मनाई हुकमानं थांबवता येतं. त्या कायद्याचं पुस्तक माझ्याच टेबलावर पडलेलं असे. तिनं एक पोस्टकार्ड टाकलं असतं, किंवा मी एकदा राजूरला आलो असतो, तर पुरलं असतं.

"नाही," मी म्हणालो. "तसा कागद नसतो."

"बरं झालं," ती म्हणाली. "मले वाटे, माह्याकूनच काही राह्यलं."