धोंडबाशेठचा काटा आणि रुपरावांचं निदान

रुपराव इंगोले म्हणजे सीताबर्डीतले इलेक्ट्रॉनिक्सचे धन्वंतरी, असं खुद्द रुपरावांचं मत होतं. दुसऱ्या कुणाला विचारायची त्यांना गरजच पडली नाही. चौऱ्याऐंशी साली घरोघरी टीव्ही येत होते, तरी रुपराव दुकानात माशा मारत बसलेले. कारण रेडिओ उघडण्याआधी ते गिऱ्हाइकाची अक्कल काढत.

त्यांचं ब्रह्मास्त्र म्हणजे स्वतः बनवलेला लॉजिक प्रोब. पेनाएवढी नळी, टोकाला सुई, अंगावर दोन दिवे. आयसीच्या, म्हणजे सर्किटमधल्या काळ्या चिपच्या, पायाला सुई टेकवली की लाल नाहीतर हिरवा दिवा लागायचा. एकही लागला नाही, तर आयसी मेला. रुपरावांच्या निदानावर अपील नसे.

अशात कोराडी रोडवरच्या धोंडबाशेठचा ट्रक तोलायचा आकडेवाला, इलेक्ट्रॉनिक धर्मकाटा बंद पडला. तो चालू केला तर वर्षभराचं काम मिळणार होतं. घरात डब्यांचे तळ दिसत होते. बायकोने, सुभद्राबाईंनी, देवापुढे साखर ठेवली.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी रुपराव काट्यावर गेले. कोळशाचे ट्रक रांगेत उभे. सुई टेकवली, दिवा नाही. दुसऱ्या आयसीला टेकवली, तेच. "सगळे मेले," रुपराव म्हणाले. काट्याच्या बॅटरीला टेकवली, तीही मेलेली. शेठने दुकानातून कोरी बॅटरी आणवली, तर तीसुद्धा मेलेली निघाली!

"नवी बॅटरी कशी मरन गा?" शेठने विचारलं.

"बाजारच चोरांचा हाय, शेठ. फेका हे डबडं."

घरी आल्यावर सुभद्राबाईंनी पाणी दिलं. "अवो, खंडेनवमीले मी तुमच्या हत्याराच्या टोकाले हळदकुंकू लावलं होतं. पुसून नेलं ना?"

रुपरावांनी टोक पाहिलं. हळदकुंकवाचा थर चांगला वाळून कडक झाला होता. म्हणजे काट्यावर सुईचं लोखंड कशालाच लागलं नव्हतं. त्यांनी थर नखाने खरवडला आणि प्रोब खिशात घातला.

सकाळी धोंडबाशेठ आपण होऊन दुकानात आला. भला माणूस. "रुपरावजी, एक डाव आणखी पाहून घेता काय?"

दुकानामागच्या घराच्या दाराआडून सुभद्राबाई पाहत होत्या. रुपरावांना 'चुकलं माझं' एवढंच म्हणायचं होतं. पण जन्मात कधी म्हटलेलं नसलं की जीभ वळत नाही.

"मेलेल्याले काय पाहाचं, शेठ?" रुपराव म्हणाले.

आठवड्याने काटा चालू झाला. कुणा दुसऱ्या मेकॅनिकने सुटलेली तार जोडली म्हणे. "तार जोडाले काय अक्कल लागते?" रुपराव येईल त्याला विचारत.

येणारे बहुतेक सुभद्राबाईंकडे येत. त्यांनी अर्ध्या दुकानात शिलाई मशीन मांडली होती आणि घर आता तिच्यावर चाललं होतं.