गेलेल्यांच्या डब्यातली टीम

किस्से तसे रोजच घडतात. साठतात मात्र सांगायला कोणी नसलं की. माझा नवरा बोटीवर. फोन लागला की त्यात रेवाचा खोकला, रेवाचं वजन आणि रेवाचे दात एवढंच मावतं, मग रेंज जाते. सासूबाई दुपारी झोपतात. रेवा वर्षाची, ती सध्या 'नको' एवढंच बोलते. त्यामुळे आमच्या रविवारच्या मंडळींचे किस्से माझ्याकडे धुऊन खुर्चीवर टाकलेल्या कपड्यांसारखे पडून आहेत. आज घड्या घालायला घेतेय. नीट जमतीलच असं नाही!

* * *

मी तिथे पोचले तीच चुकून. रेवा दुपारी फक्त कडेवर झोपते, आणि तेही मी चालत राहिले तरच. लालबागहून निघायचं आणि पाय नेतील तिकडे फिरायचं. असंच एकदा परळच्या एका गल्लीत कोचिंग क्लासच्या पायरीशी दम खायला थांबले, तर आतून काहीच आवाज नाही. रविवारी, परळमध्ये, शांतता! डोकावले. सात-आठ मोठे पुरुष एका बाकाभोवती श्वास रोखून उभे. बाकावर हिरवा पट, त्यावर बोटाएवढे राक्षस, बुटके, सांगाडे, आणि सगळ्यांत मिळून एक चेंडू.

"पेरेंट का?" त्यातला एक कुजबुजला. "ॲडमिशन सोमवारी."

"हो, पेरेंट आहे." खोटं काय होतं त्यात?

"मग बसा. फक्त बोलू नका, डाइस टाकतायत."

किती महिन्यांत मला कोणी 'बसा' म्हटलं नव्हतं. बसले!

* * *

कुजबुजणारा तो मिलिंद. क्लास त्याच्या वडिलांचा. हा आठवडाभर आयटीत राबतो आणि रविवारी दुपारी हॉल उघडतो. खेळ त्यानेच मला समजावला. फुटबॉलच, पण जगात नसलेल्या जातीच्या लोकांचा. प्रत्येकाची अकरा जणांची टीम. फासे टाकायचे (फासा तिरका पडला तर परत टाकायचा), चेंडू पलीकडे न्यायचा, आड येईल त्याला आडवा करायचा. पडलेला कधी उठतो, कधी जखमी होतो.

"आणि कधी मरतो," मिलिंद म्हणाला. "मेला की कायमचा. पुढच्या मॅचला नाही."

हे मला सांगायला नको होतं. मी रेवाची टोपी कानांवरून खाली ओढली.

* * *

बाळादादा लालबागच्या एका गणपतीच्या कारखान्यात डोळ्यांची आखणी करतात. त्यांनी हौसेने राक्षसांची टीम घेतली आणि रंगवलीही स्वतःच. हिरवी अंगं, सुळे, काटेरी चिलखतं, सगळं अगदी झकास. फक्त डोळे काढताना हाताला सवय एकाच प्रकारची. अकराच्या अकरा राक्षस कमळाच्या पाकळीसारख्या डोळ्यांनी समोरच्याकडे मायेने बघतायत!

मिलिंदने पहिल्याच डावात एका राक्षसाला पाडला. पडलेल्याला लाथ मारता येते, फासे हातात घेऊन तो तयार होता. खाली बघितलं, परत बघितलं, आणि फासे ठेवून दिले.

"दादा, याला लाथ कशी मारू रे? हा मला आशीर्वाद देतोय!"

त्या सीझनला बाळादादांचा एकही गडी जखमी झाला नाही म्हणतात.

* * *

सावंत काका मात्र कोणाच्या डोळ्यांकडे बघत नाहीत. काका कॅरमचे जुने पंच. गिरणगावातल्या मंडळांच्या टुर्नामेंटा त्यांनी चालवलेल्या. एका फायनलमध्ये खेळाडूचं कोपर रेषेच्या आत आलं म्हणून त्यांनी फाऊल दिला. खेळाडूने हुज्जत घातली, काकांनी त्याला बोर्डावरून उठवला. खेळाडू म्हणजे त्यांचा सख्खा जावई!

"मग मुलगी काय म्हणाली?" मी विचारलं.

"दिवाळीपर्यंत काहीच म्हणाली नाही," काका म्हणाले. "पण कोपर आतच होतं, बाई."

* * *

एकदा रेवाने मिलिंदचा एक एल्फ उचलून तोंडात घातला. एल्फ म्हणजे त्या खेळातले उंच, नाजूक, पळणारे गडी. मी बोट घालून काढला, तर त्याला डावा हात नाही! मी कोणाचं ऐकून न घेता, चप्पल एका पायात, रेवाला घेऊन डॉक्टरांकडे धावले.

"काय गिळलं?"

"हात."

"कोणाचा?"

"एल्फचा."

डॉक्टरांनी रेवाला तपासलं. मग पेन खाली ठेवलं आणि फार हळू आवाजात मला विचारलं, "घरी तुमच्या मदतीला कोणी आहे का हो?"

बाहेर आले तर मिलिंद माझी दुसरी चप्पल घेऊन उभा. "ताई, त्याला हात आधीपासूनच नव्हता. मी हेच ओरडत होतो मागून."

मिलिंदचं मी हसण्यावारी नेलं. डॉक्टरांच्या प्रश्नाचं उत्तर मात्र घरी येईपर्यंत शोधत होते.

* * *

मग लीग जवळ आली आणि मिलिंदने अवघडत विषय काढला. हॉल लहान, बाकं मोजकी. "टीम असेल त्यालाच बसता येईल, ताई. चिंचपोकळीचा एक जण थांबलाय जागेसाठी. पुढच्या रविवारपर्यंत टीम निवडा. नाहीतर मग थेट पुढच्या सीझनला."

थेट पुढचा सीझन म्हणजे तोपर्यंत रविवारच्या दुपारीही परत मी, रेवा आणि रस्ता. निवडणं भागच होतं. आणि मला तर पोळ्या किती करायच्या हेही ठरवता येत नाही!

एल्फ घ्यावेत तर फार ठिसूळ. उंदीर पळतात छान, पण एका धक्क्यात गार. बुटके दणकट, पण चेंडूपर्यंत पोचेस्तोवर मॅच संपते. शेवटी मी विचारलंच, "यांच्यात न मरणारे कोण आहेत?"

सगळे हसले. बाळादादा म्हणाले, "सांगाडे घे. आधीच मेलेत बिचारे, आता आणखी काय होणार त्यांना?"

मी एक सांगाडा ट्रायलला म्हणून घरी नेला, रेवाच्या लंगोटांच्या पिशवीतून. सासूबाईंनी तो बाहेर काढला.

"ह्यां काय गो? पोराच्या पिशयेत हाडां कित्याक?"

मी सगळं समजावलं. खेळ, टीम, लीग. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"घेवचोच आसा तर एखादो बरो माणूस घे," त्या म्हणाल्या आणि झोपायला गेल्या.

* * *

नवऱ्यालाही विचारलं. त्या दिवशी रेंज चांगली होती, बोट कुठल्याशा बंदरात होती. मी एल्फ, उंदीर, बुटके, सगळं सांगितलं. पलीकडून इंजिनाची घरघर येत होती.

"कुठलीही घे गं," तो म्हणाला. "खेळच आहे ना? रेवाचा दात आला का?"

आला, म्हटलं. वरचा.

* * *

तो रविवार आला तरी माझं ठरलेलं नव्हतं. चिंचपोकळीचा मुलगा आपली टीम खोक्यात घेऊन दारात हजर. रेवाला खेळायला काहीतरी द्यावं म्हणून मी हॉलच्या कपाटातला बिस्किटांचा पत्र्याचा डबा काढला. आत एकेकटे खेळाडू. एक बुटका, एक उंदीर, एक राक्षस, एक पंख तुटलेला कोणीतरी. एकाचाही रंग दुसऱ्याशी जुळत नाही.

"ते गेलेल्यांचे," मिलिंद म्हणाला. "म्हणजे मेलेल्यांचे नाही हो! कोणी डोंबिवलीला गेलं, कोणी विरारला, शैलेश तर कॅनडाला. आमची पद्धत आहे, जाताना टीम न्यायची, पण एक गडी इथे ठेवून जायचा."

"मग परत येतं कोणी?"

"येतो म्हणतात सगळे."

मी बाकावर ते मांडले. अकरा भरले, वर दोघं उरले.

"ही माझी टीम."

"ताई, ही टीम नाहीये. यांचं एकमेकांशी जमतच नाही, नियमात एकेकाला त्याचा तोटाही आहे!"

"चालेल."

सगळ्यांनी सावंत काकांकडे बघितलं. काकांनी नियमांचं पुस्तक चाळलं, चष्मा काढला. "नियमात बसतं. पण बाई, आता ऐकून ठेवा. खेळायला उतरले की हे खेळाडू. मेला तर मेला. परत डब्यात जाणार नाही."

चिंचपोकळीचा मुलगा खोकं घेऊन गेला. त्याच्या पाठीकडे बघताना मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, तरी उठले मात्र नाही.

* * *

माझी पहिली मॅच पडली ती सावंत काकांशीच. दुसऱ्या डावात काकांच्या दैत्याने माझ्या पिवळ्या दाढीच्या बुटक्याला उचलून आपटला. काकांनी फासे टाकले. पटाच्या मधोमध, सगळ्यांसमोर, स्वच्छ पडले.

"मेला," काका म्हणाले, आणि बुटक्याला उचलून पटाबाहेर आडवा ठेवला.

तेवढ्यात मिलिंदचा फोन वाजला. सकाळी त्याने माझ्या टीमचा फोटो मंडळींच्या जुन्या ग्रुपवर टाकला होता. कित्येक महिने तिथे वाढदिवसाच्या केकांपलीकडे काही आलं नव्हतं म्हणे. मिलिंदने वाचलं आणि फोन माझ्यापुढे धरला. कॅनडाहून शैलेश.

'अरे, तो पिवळ्या दाढीचा माझा! इथे पहाट आहे, झोप नाही. खेळवताय त्याला? कसा आहे?'

"तुमची टीम आहे, ताई," मिलिंद म्हणाला. "तुम्हीच सांगा."

मी फोन हातात घेतला. काय लिहिणार?

सावंत काकांनी वाकून मेसेज वाचला. मग सरळ झाले, खिशातून रुमाल काढून चष्मा पुसला, तो परत लावला आणि पटाकडे बघितलं.

"मघाचा फासा तिरका पडला होता," ते म्हणाले.



काकांनी बुटक्याला उचलला, होता त्या चौकटीत उभा केला आणि फासे परत हातात घेतले.