जावेच्या कामाला न येणारा पॅक

आमच्या घरात गेली सतरा वर्षं सगळं जोडीनं येतं. साड्या दोन, मिक्सर दोन, गरम पाण्याच्या पिशव्या दोन. मी थोरली सून, ती धाकटी, आणि सासूबाईंचा नियम असा की एकीला जे येईल ते दुसरीला तसंच आलं पाहिजे, त्याच रंगाचं, त्याच दुकानातलं. का, तर सुनांमध्ये हेवा नको. शुक्रवार पेठेतून आम्ही दोघी लग्नाला निघालो की बँडवाले बाजूला होतात. त्यांना वाटतं, दुसऱ्या पार्टीचं पथक आलं. एकदा धाकटीला चष्मा लागला. सासूबाई मलाही डॉक्टरांकडं घेऊन गेल्या. माझा नंबर काही निघेना. "नीट बघा की," त्या डॉक्टरांना म्हणाल्या, "धाकटीचा निघतोय, हिचा कसा न्हाय निघत?" डॉक्टरांनी घाबरून मला बिननंबरचा चष्मा दिला. तो मी तीन वर्षं लावला, खोटं सांगत नाही.

अशानं हेवा गेला का? तो फक्त बारीक झाला. दोन साड्या अगदी सारख्या आल्या की मी दोन्हींचे काठ टेपनं मोजायचे. तिचा काठ दोऱ्याभर रुंद निघाला तर त्या दिवशीची भाजी खारट व्हायची, आणि ती सगळ्यांना खावी लागायची. शिवाय तीच साडी तिच्या अंगावर जास्त शोभते. याला सासूबाईंचा नियम काय करणार? ती बारीक, उंच, केस कमरेपर्यंत. मी एकदा चोरून तिच्याच बाटलीतलं तेल लावलं, तर माझे होते तेही गेले.

सतरा वर्षांत मला एकच गोष्ट हवी होती. मोठी नाही. अशी एखादी वस्तू, जी फक्त माझी आहे आणि तिच्याकडं नाही.

धाकटी घरी बसून वकिलांचं टायपिंग करते. त्यासाठी दिरानं तिला कॉम्प्युटर घेऊन दिला. (सासूबाईंनी लगोलग मलाही एक घेतला असता, पण मला टायपिंग येत नाही हे पेठेत सगळ्यांना माहीत होतं.) त्या कॉम्प्युटरवर तिनं एक गेम टाकला. त्यात मारामारी नाही, शर्यत नाही, जिंकणं नाही. आपण माणसं बनवायची, त्यांना घर बांधून द्यायचं, नोकरीला लावायचं, जेवू घालायचं, झोपवायचं. सासूबाईंनी पाच मिनिटं बघितलं आणि म्हणाल्या, "म्हंजे भातुकलीच की. फक्त भांडी घासाया लागत न्हाईत." आणि दुपारच्या झोपेला निघून गेल्या.

त्या झोपल्या की दोन ते तीन धाकटी खेळायची, तीन ते चार मी. खातं एक, गल्ली एक, समोरासमोर दोन घरं: एक तिचं, एक माझं. फुकटच्या गेममध्ये सोफा, पलंग, शेगडी सगळं ठरावीक, त्यामुळं तिथंही आमचं सगळं जोडीनंच. तरी तिच्या घराला म्हणे उजेड जास्त. मी माझ्या घराच्या चारी भिंती पाडून खिडक्या बसवल्या. इतक्या बसवल्या की माझी बाई अंघोळीला जायला लाजायला लागली.

मग दिवाळी आली. यंदा काय पाहिजे, असं सासूबाईंनी विचारलं, तेव्हा धाकटी म्हणाली, "त्या गेमला जोड पॅक मिळतात, आत्याबाई. सेल लागलाय. एक घेतला की नवीन सामान येतं, नवी कामं येतात."

"मग दोन घ्या. सारखेच घ्या."

"दोन कशाला? खातं एकच हाय न्हवं. एक घेतला की दोघींच्या घरात आपोआप येतो."

सासूबाईंच्या तोंडावर असं तेज आलं, की मी देव्हाऱ्यात इतक्या वर्षांत बघितलं नाही. एकदाच आणायचं आणि जोडीनं यायचं. अशी वस्तू त्या आयुष्यभर शोधत होत्या. "यव्वा," त्या म्हणाल्या, "असली साडी निघत न्हाय का?" आणि निवडायचा मान थोरली म्हणून मला दिला.

मान कसला, माझ्या गळ्यात धोंडा. मी जे निवडणार ते तिला मिळणार. म्हणजे मला असा पॅक हुडकायचा होता जो मला आवडेल आणि तिच्या काडीच्या कामाला येणार नाही. आठ दिवस मी ती यादी वाचत होते. परीक्षेला एवढं वाचलं असतं तर आज मी कलेक्टर असते आणि ती माझं टायपिंग करत असती.

ऋतूंचा पॅक होता. ऊन, पाऊस, बर्फ. सोलापुरात राहून ऊन विकत घेणारी बाई मी नाही. आमच्या गच्चीवर मे महिन्यात पापड वाळत नाहीत, भाजूनच निघतात. बर्फाचा मात्र मोह झाला. पण डोळ्यांसमोर आलं की बर्फात लाल कोट घालून धाकटीची बाई उभी आहे आणि तिला तो कोट शोभतोय. नको. लग्नांचा पॅक होता. तिच्या बाईचं लग्न माझ्या बाईपेक्षा थाटात होणार, हे मला लग्न लागायच्या आधीच दिसलं. हॉटेलाचा पॅक होता. धाकटीच्या हातची शेंगा चटणी खायला माढ्याहून पाहुणे येतात आणि माझ्या हातची खाल्ली की लगेच एसटीची वेळ विचारतात. तिला हॉटेल काढून द्यायला मला वेड लागलं नव्हतं. जादूटोण्याचा पॅक होता. तो मी दोन दिवस मनात धरला होता, कशासाठी ते सांगत नाही.

आणि मग दिसला कुत्र्या-मांजरांचा पॅक.

धाकटी कुत्र्याला भिते. एकदा एक कुत्रं तिच्या स्कूटीमागं विजापूर वेशीपर्यंत धावलं होतं. ती सांगते तेव्हा वेशीपर्यंत. मी सांगते तेव्हा ते पार विजापूरला जाऊन, तिथं पाणी पिऊन परत आलेलं असतं. तेव्हापासून ती गल्लीतनं जाताना हातात छत्री धरते, बाराही महिने. आणि माझं माहेर मंगळवेढ्याचं. रानात कुत्र्यांच्या पाठीवर बसून मी लहानाची मोठी झाले. हाच तो पॅक. मला शंभर टक्के, तिला शून्य.

"कुत्र्याचा?" धाकटी म्हणाली.

"का गं? तुला नको का?"

"न्हाय, न्हाय. तुमी निवडलाय, अक्का. चांगलाच असंल."

तिनं तोंड इतकं बारीक केलं, की मी त्या दिवशी पुरणात गूळ जरा जास्तच घातला.

चार दिवस मी राणी होते. माझ्या घरात तांबडं कुत्रं, तिच्या घरात काही नाही. फक्त माझं कुत्रं जरा माझ्यासारखंच निघालं. सोफा फाडला, बाग उकरली, पोस्टमनला पिटाळलं, आणि मी त्याला रागावले की आमच्या गेममधल्या नवऱ्याच्या चपलेवर जाऊन मुतायचं. पाचव्या दिवशी तीन वाजता मी खुर्चीत बसले आणि समोरच्या घराकडं बघितलं. दारात एक काळं कुत्रं बसलं होतं. धाकटीची बाई म्हणाली बस, ते बसलं. म्हणाली लोळ, ते लोळलं. मग ते उठून माझ्या दारात आलं आणि माझ्या कुत्र्याकडं अशा नजरेनं बघितलं, की माझ्या कुत्र्यानं मान खाली घातली.

"तू घेतलंस व्हय कुत्रं?"

"म्हटलं बघावं तरी," धाकटी म्हणाली. "हितलं चावत तर न्हाय. आणि अक्का, खरं सांगू का, काल मी छत्री घरीच विसरले, तर काय सुद्धा झालं न्हाय."

आठवड्याभरात ती गल्लीतल्या खऱ्या कुत्र्यांना भाकरी टाकायला लागली. आता ती टायपिंगचे कागद द्यायला निघाली की पाच-सहा कुत्री मागं असतात, मंत्र्याच्या गाड्यांसारखी. मला बघितलं की तीच कुत्री भुंकतात. तिची भीती घालवायला सासरच्यांनी काय काय केलं होतं, अंगारा, दोरा, सगळं. आणि ती गेली माझ्या पॅकनं. सासूबाई सगळ्या पेठेला सांगतात, थोरलीनं मुद्दाम जावेसाठी निवडला. लोक माझं कौतुक करतात तेव्हा मला दुसरीकडं बघावं लागतं.

मग मी मोठा निर्णय घेतला. नवऱ्याचं चादर-टॉवेलचं दुकान आहे, तिथं एक जुना लॅपटॉप टॉवेलांच्या गठ्ठ्याखाली पडला होता. तो घरी आणला. त्यावर वेगळं खातं काढलं, गेम टाकला, आणि गावाकडचा पॅक स्वतः घेतला. गाई, कोंबड्या, भोपळ्याचे वेल, दर आठवड्याला गावची जत्रा. सासूबाईंना सांगितलं नाही. सतरा वर्षांत पहिल्यांदा माझ्यासाठी काहीतरी एकटं आलं होतं.

धाकटीला मात्र कळलं, तिला सगळंच कळतं. "तुमचं जुनं घर हिकडं काढून देऊ का? पेन ड्राइव्हवर घेता येतं की."

"नको," मी म्हटलं. "मी नवीन बांधीन."

बांधलं. दोन मजली, गोठ्यासकट. गाय अशी, की दूध काढायला बसलं की बादली बदलता बदलता दुपार संपायची. भोपळा असा, की त्याच्या सावलीत कोंबड्या बसायच्या. मी सगळ्याकडं डोळे भरून बघितलं, आणि मग रस्त्याकडं बघितलं. समोरचं अंगण मोकळं होतं. रस्त्यानं जाणारी गेममधली माणसं माझ्या भोपळ्याकडं ढुंकूनही बघत नव्हती, आणि बघितलं असतं तरी ती कोण माझी? धाकटी शेजारच्या खोलीत तिच्या गल्लीत खेळत होती. तिच्याकडं नसलेली वस्तू माझ्याकडं होती आणि बघायला धाकटीच समोर राहत नव्हती. असलं सुख पदरात पडलं तरी करायचं काय त्याचं? दोन दिवस मी गाईला नुसती कुरवाळत बसले.

तिसऱ्या दिवशी मी धाकटी बनवली.

फार मन लावून बनवली. नाक तेच, चष्मा तोच, उंची तीच. केसांपाशी माझा हात जरा अडला, मानेपर्यंतच ठेवावेत असं वाटलं. पण मग ती धाकटी वाटेना, आणि धाकटीच न वाटणारीवर मात करून काय मिळवलं? दिले कमरेपर्यंत. घर दिलं समोरच्या अंगणात, एक खोली, एक शेगडी. झाड नाही, कोंबडी नाही, आणि तोंड थेट माझ्या गोठ्याकडं. सकाळी ती दार उघडायची, माझी गाय बघायची, आत जायची. मी जेवणाच्या ताटावरनं उठून ते बघायला यायचे.

पण त्या गेमची एक खोड आहे. आपण लक्ष दिलं नाही तरी शेजारी आपापलं जगत राहतात. त्या बयेनं कुठनं बी आणलं, कधी लावलं, कुणास ठाऊक. आठवड्याच्या जत्रेत मी माझा भोपळा घेऊन गेले, चार जणांनी उचललेला. निकाल लागला. पहिला नंबर समोरच्या एका खोलीत राहणारीचा. माझा तिसरा. दुसरा आला एका म्हाताऱ्याचा, ज्याचं मी तोंडही बघितलेलं नव्हतं.

मी निकाल दोनदा वाचला. मागनं आवाज आला.

"अक्का, ही मी का?"

धाकटी वाटीत चिवडा घेऊन उभी होती.

"तू कशाला? तसला चष्मा काय तुला एकटीलाच हाय?"

"नाक पण माझंच हाय." ती वाकून बघायला लागली. "एकच खोली दिली व्हय मला? आणि न्हाणीघर?"

"बांधायचंय."

"सतरा दिवस झालेत हितं, कोपऱ्यात लिवलंय की. सतरा दिवस बिनन्हाणीची ठेवली मला?" ती हसत होती, पण कशी हसत होती ते मला नीट कळेना. तिनं स्टूल ओढलं, बसली, चिवड्याची वाटी मध्ये ठेवली. मग हळूच म्हणाली, "भोपळा मात्र लई मोठा आला म्हणायचा माझा."

मला वाटलं, लॅपटॉप उचलून तिच्या डोक्यात घालावा. मी शेंगदाणे वेचून खाल्ले.

त्या दिवशी मी तिला न्हाणीघर बांधून दिलं. खिडकी दिली नाही. आता रोज दुपारी धाकटी स्वतःचा कॉम्प्युटर बंद करून माझ्या शेजारी स्टुलावर येऊन बसते आणि मी तिला काय काय देत नाही ते बघते. "एक कोंबडी तरी द्या," म्हणते. मी म्हणते, बघू.

काल त्या बाईला पुन्हा पहिलं बक्षीस मिळालं, या वेळी लोणच्याचं. तिला काढून टाकायचं बटण उजव्या कोपऱ्यात आहे. मी बाण तिथं नेला. दाबलं की घर, भोपळे, लोणचं सगळं नाहीसं होतं आणि अंगण पुन्हा मोकळं. धाकटी चिवडा चावायची थांबली. तेवढ्यात पडद्यावरची बाई रस्ता ओलांडून आली, हातात बरणी घेऊन, आणि माझ्या दाराची बेल वाजवायला लागली.

"उघडा की," धाकटी म्हणाली. "केव्हाची उभी हाय मी."

मी बाण खाली आणला आणि दार उघडलं. बरणी घेतली. तिच्यादेखत एकदा गाईला चारा घातला, जरा जास्तच वेळ लावून.