चार खुर्च्यांसाठी गैरहजेरी

माझे भाओजी, म्हणजे थोरल्या बहिणीचे यजमान, एकेकाळी उत्तम व्हायोलिन वाजवायचे. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण पुढे त्यांचं नाव झालं ते काहीच न वाजवण्याबद्दल.

झालं असं, की एका मोठ्या मैफलीत ऐन रंगात आलेले असताना ते पुढचं विसरले. गज हवेत धरून पुतळ्यासारखे उभे. चांगलं मिनिटभर. पहिल्या रांगेतून मला त्यांच्या कपाळावरचा घाम दिसत होता. दुसऱ्या दिवशी एका समीक्षकाने छापलं, 'असा धाडसी विराम या शहराने कधी ऐकला नव्हता.' भाओजींनी ते चार वेळा वाचलं. पाचव्या वेळेपर्यंत त्यांचा स्वतःचाही त्यावर विश्वास बसला.

तेव्हापासून ते संगीतकार झाले, फक्त विरामांचे. वादक वाद्यं मांडीवर घेऊन गप्प बसायचे आणि भाओजी समोर छडी हलवायचे. तालमी रोज तीन तास. "तिसऱ्या विरामात तुम्ही घाई केलीत. पुन्हा पहिल्यापासून!" असं ते बासरीवाल्याला सुनवायचे. पन्नाशीचा तो भला माणूस मान खाली घालून पुन्हा पहिल्यापासून गप्प बसायचा.

घरी ताई शिवणकाम करायची. मशीनच्या खडखडाटाने भाओजींची शांतता मोडायची, म्हणून मशीन आमच्याकडे आलं. मग मिक्सर बंद झाला. दारांच्या बिजागऱ्यांना रोज तेल. ताईने जे सांगायचं ते चिठ्ठीवर लिहायचं. पुढे कागद चुरचुरतो म्हणून चिठ्ठ्याही बंद. एका सोमवारी ताई आमच्याकडे आली, बॅग खाली ठेवली आणि माझ्या बायकोशी सलग दोन तास बोलली. मधेच हसायची, मधेच रडायची, पण थांबायची नाही.

शुक्रवारी भाओजींचा फोन आला.

"तुझी बहीण तिकडे आहे का रे?"

"सोमवारपासून आहे."

पलीकडे शांतता. मला वाटलं, ओशाळले असतील.

"सोमवारपासून? अरे, मला वाटलं, तिला आता जमायला लागलं!"

महिन्याभरात नवी रचना जाहीर झाली. नाव 'तिची गैरहजेरी', चार खुर्च्यांसाठी. तीन खुर्च्यांवर वादक, चौथी रिकामी. मुलाखतीत ते म्हणाले, "पहिले चार दिवस मी त्या अनुपस्थितीत इतका बुडालो होतो, की ती मला जाणवलीच नाही."

हे वाचून ताई उठली आणि ठेवणीतली साडी काढली. मी म्हटलं, "कशाला जातेस तिथे?"

"बघू तरी, नसताना मी कशी दिसते ते."

सभागृहात चाळीसेक माणसं होती. पहिली वीस मिनिटं सुरळीत पार पडली, म्हणजे काही झालं नाही. मग कोणीतरी सणसणीत शिंकलं. भाओजी गर्रकन वळले आणि छडी रोखून किंचाळले, "चालते व्हा!" शिंकणारा होता तोच समीक्षक. तो नाक पुसत बाहेर गेला आणि दुसऱ्या दिवशी त्याने लिहिलं, 'संपूर्ण रचनेत एकच सूर लागला, तोही फाटका.'

पण ते दुसऱ्या दिवशी. त्या संध्याकाळी भाओजी खुशीत दारात उभे होते. ताईला बघून त्यांचा चेहरा खुलला.

"कसं वाटलं?"

"अगदी आपल्या घरी बसल्यासारखं," ताई म्हणाली.

भाओजींना भरून आलं. ही दाद ते आजही अभिमानाने सांगतात.

ताई परत गेली नाही. बाजारात तिने शिवणाचं दुकान टाकलं, हाताखाली दोन बायका आहेत, आणि तिघी दिवसभर इतक्या बोलतात की गिऱ्हाइकाला माप सांगायला ओरडावं लागतं. भाओजींच्या रचना त्या शिंकेनंतर कोणी लावेना, म्हणून ते आता मौनावर व्याख्यानं देतात. मी एकदा गेलो होतो. अडीच तास झाले तरी ते पाणी प्यायलाही थांबले नव्हते. शेवटी मी चपला हातात घेऊन मागच्या दाराने सटकलो.